डावीकडची रांग

त्या रविवारी डावीकडच्या रांगेत सहा माणसं होती. उजवीकडच्या रांगेत किती होती ते मोजण्यात अर्थ नव्हता. ती रांग बाकांमधल्या वाटेनं पार दारापर्यंत गेली होती आणि तिथून वळून पुन्हा आत आली होती. उजवीकडे फादर ख्रिस्तप्रसाद, म्हणजे ख्रिस्ताचं शरीर मानलेली पातळ भाकर, देत होते. डावीकडे सुईताई देत होती.

प्रसाद एकच होता. एकाच वेदीवर, एकाच मिस्सेत, म्हणजे उपासनेत, अर्पण केलेला, आणि सोयीसाठी दोन पात्रांत वाटून घेतलेला. तरी माणसं उजवीकडे एकमेकांच्या टाचा तुडवत उभी होती आणि डावीकडे सुईताई पात्र हातात धरून रिकाम्या फरशीकडे बघत होती. जे सहा जण आले, त्यांतले दोघे परगावचे पाहुणे होते, त्यांना इथली रीत ठाऊक नव्हती. एका आजोबांना दिसत नव्हतं. दोघी बायकांचे गुडघे दुखत होते म्हणून त्यांनी जवळची रांग पत्करली होती. सहावी एक शाळकरी मुलगी. तिच्या आईनं तिला दंडाला धरून उजवीकडे ओढून नेलं. म्हणजे पाचच.

सुईताई हे काही तिचं पाळण्यातलं नाव नव्हे. ती तपासणीच्या लॅबमध्ये रक्त काढायची. तिचा हात इतका हलका, की ज्यांची शीर सापडत नाही असे लोक दुसऱ्या कुणाला हात लावू द्यायचे नाहीत, तासभर ताटकळत पण तिच्याचसाठी थांबत. सोमवार ते शनिवार हीच माणसं बाही वर करून निमूट तिच्यापुढे हात धरत. रविवारी त्याच हातांना काय व्हायचं कोण जाणे!

तिला हा मान कुणी चोरून दिलेला नव्हता. चार चर्च आणि फादर एकटे, अशी गत झाली तेव्हा बिशपांनी पत्रक काढलं की प्रापंचिकांनी आता पुढे यावं, प्रसाद द्यावा, आजाऱ्यांच्या घरी न्यावा. प्रापंचिक म्हणजे तुम्हीआम्ही, संसार करणारी माणसं. पत्रक वाचून दाखवलं तेव्हा टाळ्या पडल्या. पॅरिश कौन्सिलचे, म्हणजे चर्चच्या कारभारी मंडळाचे, सेक्रेटरी हेडसर, शाळेतून निवृत्त झालेले पण आवाजातून अजून न झालेले, त्यांनी ‘प्रापंचिकांचा काळ आला आहे’ यावर वीस मिनिटं भाषण केलं. मग नावं मागितली. सगळा हॉल छताकडे पाहू लागला. सुईताईनं एकटीनं हात वर केला. बारा शनिवार शिकायला गेली, परीक्षा दिली, बिशपांच्या सहीचं पत्र घेऊन आली.

तिच्या नवऱ्याचं चष्म्याचं दुकान होतं. त्यानं ते पत्र कौतुकानं काचेत बसवलं आणि डोळे तपासायच्या तक्त्याशेजारी टांगलं. येणाऱ्याजाणाऱ्याला दाखवायचा. आणि रविवारी फादरांच्या रांगेत उभा राहायचा.

मिस्सा संपली की सुईताई गळ्यातल्या पिशवीत प्रसादाची छोटी सोनेरी डबी घेऊन आजाऱ्यांच्या घरी निघे. एकूण अकरा घरं. त्यांतल्या चौघांनी पहिल्या महिन्यातच ‘फादर आले की बघू’ म्हणून दार लोटून घेतलं होतं. उरलेल्या सात घरी ती जात राहिली. बाराव्या घरी मात्र तिला कधीच डबी उघडता आली नाही, कारण ते तिचं स्वतःचं घर होतं.

सासूबाई सात महिने अंथरुणाला खिळून होत्या. खुब्याचं हाड मोडलं ते पुन्हा नीट जुळलंच नाही. या बाईनं चाळीस वर्षं चर्चची सेवा केली होती. वेदीवरची वस्त्रं शिवली, धुतली, इस्त्री केली. प्रसादाच्या पात्राला लागलेला रुमाल धुतला की त्याचं पहिलं पाणी मोरीत जाऊ द्यायच्या नाहीत, झाडाच्या मुळाशी ओतायच्या. रोज सकाळी झाडू घेऊन वेदीच्या पायऱ्या चढायच्या. चाळीस वर्षांत झाडू घेऊन वर जाताना त्यांना कुणी अडवलं नाही, आणि झाडूशिवाय वर जावं असं त्यांच्याही मनात आलं नाही. अशा बाईचा जीव फक्त प्रसादासाठी कासावीस व्हायचा. फादर पहिल्या पाच महिन्यांत तीनदा येऊन गेले. मग नऊ आठवडे फिरकलेच नव्हते.

“फादर कधी यायचेत?” त्या रविवारीही त्यांनी विचारलं.

“गुरुवारी म्हणालेत, आई.”

“मागच्या आठवड्यातही गुरुवारीच म्हणाले होते.”

“एकटा माणूस आहे. चार चर्च, आठवड्याला दोन मयती. मी देऊ का? अजून सात घरी जायचंय, आधी तुम्हाला देते.”

“तुझ्या हातून?” सासूबाईंनी तोंड वाकडं केलं. “त्या हातांनी सकाळी माझं भांडं धुतलंस.”

“धुतल्यावर साबणही लावला.”

“थट्टा करू नकोस. फादरांच्या हातांना अभिषेक झालेला असतो.”

“फादरांनीच मला द्यायला सांगितलंय ना?”

हे फादरांनी स्वतः फोनवरून सांगून झालं होतं. सुईताईनं स्पीकर लावून फोन सासूबाईंच्या कानाशी धरला होता. “आजी, तुमच्या सुनेकडून घ्या, माझ्याकडून घेतल्यासारखंच आहे,” फादर म्हणाले होते. त्यावर सासूबाई मायेनं म्हणाल्या होत्या, “फादर, तुम्ही फार दमलाय, म्हणून असं बोलताय. जरा जेवत जा वेळेवर.”

पण आज त्या लगेच भिंतीकडे वळल्या नाहीत. चादरीचं टोक चाचपत राहिल्या.

“एक विचारू? माझा लेक घेतो का गं तुझ्याकडून?”

“नाही,” ती म्हणाली.

“बघ. घरचा माणूस, तुझा नवरा, तोच घेत नाही. मग मी म्हातारीनं कसा घ्यायचा? त्यानं घेतला, तर मग बघू.”

सात महिन्यांत पहिल्यांदाच सासूबाई ‘बघू’ म्हणाल्या होत्या. सुईताईचा चेहरा उजळला. संध्याकाळी नवरा दुकानातून येतो न येतो तोच तिनं त्याला सगळं सांगितलं.

“एवढंच ना? पुढच्या रविवारी तुझ्याच रांगेत,” तो म्हणाला. “आईसाठी एवढं नाही करणार?”

“आईसाठी?” सुईताईनं विचारलं, आणि मग सोडून दिलं. सगळंच ओढून धरलं की तुटतं, हे तिला बायकोपणानं शिकवलं होतं.

पुढच्या रविवारी तो खरोखरच बाकावरून उठून डावीकडे वळला. सुईताईला तो येताना दिसला. दोन पावलं, तीन पावलं. तेवढ्यात मागून हेडसर त्याच्या खांद्यावर हात ठेवून हळूच म्हणाले, “रांग चुकली का तुमची?” हेडसर हसत होते. शेजारचे दोघे-तिघे हसले. चष्मेवालाही हसला, ‘अरे हो’ म्हणाला, आणि उजवीकडच्या रांगेच्या शेपटाला जाऊन उभा राहिला. प्रापंचिकांचा काळ आला होता, फक्त तो आपल्या शेजारच्या माणसाच्या रूपात येऊ नये एवढीच सगळ्यांची इच्छा होती.

“माणसांत हसं होतं गं,” घरी आल्यावर तो म्हणाला. “पुढच्या रविवारी नक्की.”

पुढचा रविवार सासूबाईंना दिसायचा नव्हता. बुधवारी त्यांच्या छातीत कफ भरला. शुक्रवारी दुपारी डॉक्टर येऊन गेले आणि दाराबाहेर जाऊन म्हणाले, हॉस्पिटलात नेण्यात आता अर्थ नाही, जवळच बसा. सुईताई लॅबमधून धावत आली. नवऱ्यानं फादरांना फोन लावला. फादर दूरच्या चर्चला गेले होते, वाटेतला पूल बंद होता.

“मला तीन तास तरी लागतील,” फादर कळवळून म्हणाले. “पवित्र तेल लावायचा विधी, तैलाभ्यंग, तो मीच करायला हवा, त्याला इलाज नाही. पण प्रसादासाठी थांबू नका. ताईंना म्हणावं, आत्ताच्या आत्ता द्या.”

सुईताई चर्चमध्ये गेली, वेदीमागची प्रसादाची पेटी उघडली, गुडघे टेकले आणि डबीत दोन प्रसाद घेतले. एक नव्हे, दोन. परत आली तेव्हा शेजारीपाजारी जमले होते. दारातच हेडसर जपमाळ घेऊन उभे होते.

“फादर आले?” सासूबाईंनी विचारलं. आवाज अगदी खोल गेला होता, पण शुद्ध होती.

“नाही, आई. मी आहे. प्रसाद आणलाय.”

सासूबाईंनी ओठ घट्ट मिटले.

नवऱ्यानं सुईताईला खिडकीशी नेलं. “ऐक, तिला आता नुसत्या आकृत्या दिसतायत,” तो कुजबुजला. “मी सांगतो फादर आलेत म्हणून. हेडसर प्रार्थना म्हणतील, पुरुषाचा आवाज ऐकला की तिला खरं वाटेल. तू बोलू नकोस, नुसता दे.”

“नाही.”

“अगं, तिच्या समाधानासाठी! ही काय हट्टाची वेळ आहे?”

“हात माझेच चालतील, फक्त ते माझे आहेत हे कुणाला कळायला नको, असंच ना?” सुईताई कुजबुजत नव्हती. “मरणाऱ्या बाईला मी प्रसाद फसवून देणार नाही. त्यांनी काय सांगितलं होतं ते तुम्हाला ठाऊक आहे. मी दोन आणलेत. एक तुमचा. त्यांच्यासमोर माझ्याकडून घ्या. मग त्यांना जे ठरवायचं ते ठरवू द्या.”

“आत्ता? या सगळ्यांसमोर?”

ती पलंगाशी आली. “आई, तुमचा लेक माझ्याकडून घेतोय, बघा,” ती म्हणाली. तिनं डबी उघडली, प्रसाद दोन बोटांत धरून नवऱ्यापुढे उचलला. “ख्रिस्ताचं शरीर.”

सासूबाईंनी मान वळवली आणि डोळे ताणून लेकाकडे पाहिलं.

त्याला फक्त हात पुढे करायचे होते आणि एक शब्द बोलायचा होता. त्यानं दाराकडे पाहिलं. हेडसरांची जपमाळ थांबली होती. त्यानं भिंगाची पूड लागलेले हात पँटला पुसले, पुन्हा पुसले. एक प्रार्थना म्हणून व्हावी इतका वेळ गेला. सुईताईचा हात तसाच हवेत होता.

“फादर... येतीलच आता,” तो म्हणाला.

सासूबाईंनी ते ऐकलं. त्यांनी डोळे मिटले आणि मान हळूहळू भिंतीकडे वळवली. पाऊण तासानं त्या गेल्या. त्यानंतर दोन तासांनी फादर आले, चिखलानं भरलेल्या बुटांनी, धापा टाकत. चाळीस वर्षं प्रसादाचं एक थेंब पाणीही वाया जाऊ न देणारी बाई प्रसादावाचून गेली, आणि प्रसाद तिच्या उशापासून हातभर अंतरावर होता. डबीतले दोन्ही सुईताईनं परत नेऊन पेटीत ठेवले.

परगावचे नातेवाईक यायचे होते म्हणून रविवारी दोघंही घरीच राहिली. सोमवारी दफनाची मिस्सा होती. वस्त्रं घालताना फादर सुईताईला म्हणाले, “ताई, आज मी प्रसाद देणार नाही. खुर्चीत बसून राहतो. सगळ्यांना तुमच्याकडेच यावं लागेल. वर्षभरापूर्वीच मी हे करायला हवं होतं.”

फादर चांगले होते. चांगल्या माणसावर धड रागावताही येत नाही, ही तिची आणखी एक अडचण.

“नको, फादर,” ती म्हणाली. “तुम्ही बसलात म्हणून ते आले, तर ते तुमचंच ऐकून आले. त्यात आमचं काय बदललं? तुम्ही नेहमीसारखे उभे राहा. मीही राहते. मी आता हटणार नाही, एवढंच.”

आणि ती उभी राहिली. शवपेटीच्या उजव्या बाजूला फादर, डाव्या बाजूला सुईताई. पेटीवर सासूबाईंनीच शिवलेलं पांढरं वस्त्र घातलं होतं. लोक उठले आणि सवयीनं उजवीकडे वळले. कुणी जरासुद्धा अडखळलं नाही. शुक्रवारी दारात उभे राहून जे सगळं बघत होते, तेही वळले. हेडसर तर सर्वांत पुढे होते.

पहिल्या बाकावरून चष्मेवाला उठला. तो डावीकडे आला. या वेळी कुणी त्याच्या खांद्यावर हात ठेवला नाही, दुखवट्यातल्या माणसाला कोण अडवणार? तो एकटाच बायकोसमोर उभा राहिला आणि त्यानं दोन्ही हात पुढे केले. ते हात स्वच्छ धुतलेले होते.

सुईताईला त्याचा संताप आला होता. शुक्रवारपासून तिनं त्याच्याशी कामापुरतंही बोलणं टाकलं होतं. आताही तिच्या मनात आलं, पात्र झाकावं आणि म्हणावं, जा, फादर आहेत तिकडे. पण प्रसाद तिच्या मालकीचा नव्हता. तो रोखून धरणाऱ्यांत तिला जायचं नव्हतं.

“ख्रिस्ताचं शरीर.”

“आमेन,” तो म्हणाला. मोठ्यानं म्हणाला, शेवटच्या बाकापर्यंत ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं. शुक्रवारी याच्या निम्म्या आवाजात म्हटलं असतं तरी पलंगापर्यंत पोचलं असतं.

त्या आवाजानं उजवीकडच्या रांगेत काही माना वळल्या. एका बाईनं रांगेतून एक पाय बाहेर काढला, आजूबाजूला पाहिलं आणि पुन्हा आत घेतला. चष्मेवाला शवपेटीशी जाऊन गुडघ्यांवर बसला आणि हुंदके देऊन रडू लागला. सुईताई पात्र धरून उभीच होती. तिच्यासमोर दारापर्यंत मोकळी फरशी होती.

ती येत्या रविवारीही तिथंच उभी असणार आहे. ज्या बाईनं पाय बाहेर काढून आत घेतला, ती तुम्ही नव्हता ना?