अठराव्या भागाची लाल चिठ्ठी

मी कॉर्कचा एक फळा. ग्रीसमधल्या थेसालोनिकीत, बंदरामागच्या एका इमारतीत, मालिका लिहिणाऱ्यांच्या खोलीत माझं आयुष्य गेलं. लिफ्ट बंद होती म्हणून एव्दोकियाबाईंनी मला स्वतः तीन मजले उचलून आणलं, आणि खिळा वाकडा बसला म्हणून खिळ्यालाच शिव्या घातल्या.

बाईंची मालिका तेलाचा घाणा चालवणाऱ्या एका कुटुंबाची होती. विधवा आई, तीन भावंडं. पिवळ्या चिठ्ठीवर काय घडतं, निळ्यावर कोण काय लपवतं, लाल चिठ्ठीवर ते कुठं फुटतं, असं सगळं माझ्यावर टाचलेलं असे. सोबत लिहिणाऱ्या लेफ्तेरिसला बाई सांगत, "घराची गोष्ट भांडणावर चालत नाही रे. सगळ्यांना ठाऊक असतं आणि कुणीच बोलत नाही, त्याच्यावर चालते."

बाराव्या भागानंतर प्रेक्षक गळाले. वाहिनीकडून निरोप आला, महिनाभरात काही जमलं नाही तर बंद. त्या दुपारी बाईंनी एक निळी चिठ्ठी टाचली: 'अपघातात गाडी बाप नाही, मुलगा चालवत होता.'

लेफ्तेरिसने ती दोनदा वाचली. "बाई, तुमचे वडीलही अपघातातच गेले ना?"

"कॉफी आण," बाई म्हणाल्या.

सतरावा भाग लागला आणि गावभर तीच चर्चा. फोन थांबेना. तिसऱ्या दिवशी बाईंचा धाकटा भाऊ स्तेर्यॉस आला. तो चालतच आला होता. वीस वर्षांत त्याने स्टिअरिंगला हात लावला नव्हता.

"ताई, गाडीतल्या रेडिओवरचं गाणंसुद्धा घातलंस?"

"नावं बदललीत मी. गावही बदललंय."

"शेजारीण आईला विचारून गेली, ही तुमच्या स्तेर्यॉसचीच गोष्ट ना? आई दार लावून बसलीय."

"मालिका बंद पडत होती रे. किती जणांची पोटं आहेत त्याच्यावर!"

"सोळा वर्षांचा होतो मी. आईनं पोलिसांना बाबांचं नाव सांगितलं. आणि दवाखान्यात माझा हात धरून 'हे आपल्या तिघांतच राहील' असं कोण म्हणालं होतं?"

तो माझ्याजवळ आला, एकेक चिठ्ठी वाचू लागला. बाई लगबगीने उठल्या, पण उशीर झाला होता. लाल चिठ्ठीवर त्यांच्याच अक्षरात होतं: 'अठरावा भाग. मुलगा समुद्रात जीव देतो.'

"असं होय," तो म्हणाला, आणि दार ओढून निघून गेला.

बाईंनी ती चिठ्ठी फाडली. नव्या अठराव्या भागात आईने मुलाला पोटाशी धरलं, ईस्टरला सगळे एकत्र जेवले, बघणारे रडले. मालिका आणखी दोन वर्षं चालली. स्तेर्यॉस त्याच आठवड्यात जर्मनीला गेला. त्याने फोन उचलला नाही. आईनेही बाईंना पुन्हा घरात घेतलं नाही.

आई गेली तेव्हा तो आला होता. दफनभूमीत खड्ड्याच्या पलीकडे उभा राहिला आणि बहिणीशी न बोलता परतला. लेफ्तेरिसने हे खोलीतल्या इतरांना सांगितलं, तेव्हा बाई खिडकीकडे तोंड करून उभ्या होत्या. त्यानंतर त्यांनी एक ओळही लिहिली नाही.

आता मी जिन्याखाली भिंतीला टेकून पडलोय. माझं एकच मागणं आहे. जर्मनीत कुठं स्तेर्यॉस भेटला, तर तो अठरावा भाग बघून तुम्ही किती रडलात, हे त्याला सांगू नका.