तीन नोव्हेंबरचं पान

मित्रांनो, वाचनालयाच्या मागच्या खोलीत एक लोखंडी कपाट आहे. त्याच्या सर्वांत खालच्या फळीवर, जुन्या पावतीपुस्तकांच्या ढिगाखाली मी असते. मी एक जुनी वही आहे, दिनविशेषाची. माझ्यात तीनशे सहासष्ट पानं आहेत, प्रत्येक तारखेला एक. त्या त्या तारखेला जगात काय काय घडलं, ते माझ्यात लिहिलेलं आहे.

मला एका म्हाताऱ्या बाइंडरने शिवलं. ग्रंथपाल बाईंनी त्याला बजावलं होतं, "आयुष्यभर उघडायची आहे, पाठ मजबूत ठेवा." तो म्हणाला, "कुणाच्या आयुष्यभर? माझ्या की तुमच्या?" पण चेष्टा करता करता त्याने दोऱ्याला दोनदा मेण लावलं. माझी शिवण अजून उसवलेली नाही.

बाई एकट्या राहत. संध्याकाळी वाचक गेले की त्या खिडकीजवळ बसत आणि जाडजूड ग्रंथांतून शोधून एकेक ओळ माझ्यात उतरवत. अक्षर बारीक, पण टपोरं. बारा एप्रिलच्या पानावर पहिला माणूस अवकाशात गेल्याचं लिहिलं, तेव्हा त्या स्वतःशीच हसल्या होत्या. सकाळी त्या दिवसाचं पान उघडून दारातल्या फळ्यावर खडूने लिहीत. कामावर जाणारी माणसं सायकल थांबवून वाचत. वाढदिवसाला मुलं "आमचं पान दाखवा" म्हणत येत. एकोणतीस फेब्रुवारीच्या पानाला मात्र चार वर्षांतून एकदाच उजेड दिसे. तेव्हा मला त्याची कीव येई.

एका तीन नोव्हेंबरला फळ्यासमोर एक बाई बराच वेळ उभी राहिली. अंगावर कामाचे कपडे, हातावर सिमेंटचे डाग. ती आत आली आणि म्हणाली, "बाई, मला वाचता येत नाही. काय लिहिलंय ते सांगता का?"

बाईंनी वाचून दाखवलं. याच दिवशी लायका नावाच्या कुत्रीला यानातून अवकाशात पाठवलं होतं.

"परत आली का ती?"

"नाही. वरच मेली."

ती बाई दारातल्या फळ्याकडे वळून पाहू लागली. मग म्हणाली, "आमचे हे गवंडी होते, गेल्या वर्षी याच दिवशी गेले. पुलाचं काम चाललं होतं, तिथं बांबूची परांची कोसळली. सातजण गेले. ते नाही का लिहिलं?"

"इथे जगातल्या मोठ्या घटना लिहितो आपण," बाई म्हणाल्या.

"बरं," ती म्हणाली. "कुत्रीचं नावसुद्धा आहे, म्हणून विचारलं." आणि ती निघून गेली.

त्या संध्याकाळी बाईंनी पेन उघडलं, पण लिहिलं काहीच नाही. शाई सुकली, तरी त्या माझ्याकडे बघत बसल्या होत्या. मला माझीच लाज वाटली, मित्रांनो.

दुसऱ्या दिवशी त्यांनी वर्तमानपत्रांचे जुने गठ्ठे काढले. बातमी चार ओळींची होती. 'सात मजूर ठार.' नाव एकाचंही नव्हतं. मग बाई सुट्टीच्या दिवशी चालत हिंडल्या. कंत्राटदाराच्या कारकुनाकडे गेल्या, पुलाखालच्या पत्र्याच्या खोल्यांतून विचारत फिरल्या. पाय सुजले, तरी थांबल्या नाहीत. कित्येक महिन्यांनी सहा नावं मिळाली. सातवा आदल्याच दिवशी कामावर आला होता, त्याला कोणी ओळखत नव्हतं. बाईंनी माझ्यात सहा नावं लिहिली आणि सातवी ओळ कोरी ठेवली.

पुढच्या तीन नोव्हेंबरला फळ्यावर तीच नावं आली. वाचनालयाचे कार्यवाह चिडले. "हा दिनविशेष आहे की शोकसभा? पुसा ते."

"मी नाही पुसणार," बाई म्हणाल्या. "डस्टर तिथं आहे. तुम्हाला पुसायचं असेल तर पुसा."

कार्यवाहांनी डस्टर उचललं. फळा पुन्हा एकदा वाचला. डस्टर जागेवर ठेवलं आणि ते आत गेले.

दुपारी ती गवंड्याची बायको आली. "यातलं त्यांचं कुठलं?" तिने विचारलं. बाईंनी बोट दाखवलं. खडू पुसला जाऊ नये म्हणून तिने नावाला हात लावला नाही. फळ्याची लाकडी कड धरून ती उभी राहिली. बाईही तिच्या शेजारी उभ्या राहिल्या.

पुढे बाई निवृत्त झाल्या. तारीख सांगितली की दिनविशेष मोबाइलवर मिळू लागला. फळा काढला, तिथे वेळापत्रकाची पाटी आली. मला मागच्या खोलीत नेलं. सुरुवातीला बाई अधूनमधून यायच्या, मला मागून घ्यायच्या, एखादी ओळ लिहायच्या. मग वाचनालयाच्या पायऱ्या चढवेनात म्हणून येणं कमी झालं, आणि पुढे थांबलंच. आता माझ्या कडा कसरीने खाल्ल्या आहेत. बाहेर कोणती तारीख आहे, हे मलाच कळत नाही. तारखांच्या वहीला याहून मोठं एकटेपण कोणतं असणार?

एकदा दोन वाचक खोलीत खुर्ची शोधायला आले होते. एक म्हणाला, "आपल्या जुन्या ग्रंथपाल बाई गेल्या, कळलं का?"

"अरेरे. कधी?"

"झाले असतील दोन-तीन महिने. नक्की नाही माहीत."

खुर्ची घेऊन ते निघून गेले.

मित्रांनो, माझ्याकडे तीनशे सहासष्ट पानं आहेत आणि बाई त्यांतल्या कोणत्या पानाच्या, हे मला ठाऊक नाही. कपाटाची किल्ली शिपाईकाकांकडे असते, मागितली तर ते देतात. तुमच्यापैकी कोणाला ती तारीख कळली तर या. माझी पानं ठिसूळ झाली आहेत, तेवढी हळू उलटा. आणि येताना पेन घेऊन या.