पंचवीस महिने

त्याने कागद टेबलावरून परत सरकवला.

"काहीतरी घोळ झालाय," तो म्हणाला. "आमचे अजून तीन वर्षांचे हप्ते शिल्लक आहेत."

बँकेच्या कर्जविभागातली ती अधिकारी मुलगी जेमतेम सत्तावीस-अठ्ठावीसची असेल. तिने कागद पुन्हा त्याच्यासमोर ठेवला आणि शेवटच्या ओळीखाली पेनाचं टोक टेकवलं. तिथे शून्य होतं.

"घोळ नाही, साहेब. गेल्या महिन्याचा हप्ता शेवटचा होता. म्हणून तर दोघांना बोलावलं. घराचे मूळ कागद परत घ्यायचे तर दोघांच्या सह्या लागतात."

त्याने शेजारच्या खुर्चीकडे पाहिलं. बायको पर्स मांडीवर धरून बसली होती आणि समोरच्या भिंतीवर फिरणाऱ्या पंख्याकडे बघत होती. तिला नवल वाटल्याचं काही दिसत नव्हतं.

बायको म्हणायचं ते कागदोपत्री. तेरा वर्षं ते एका घरात राहत होते, पण एकत्र राहत नव्हते.

तो चष्म्याच्या दुकानात काचा घासून फ्रेममध्ये बसवायचं काम करायचा. ती रक्त तपासणाऱ्या लॅबमध्ये होती. लग्नाला दोन वर्षं झाल्यावर त्यांनी घर घेतलं. दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि पाय लांब करून बसता येईल एवढी गॅलरी. अठरा लाखांचं कर्ज, वीस वर्षं, दोघांच्या नावावर. पहिली तीन-चार वर्षं मजेत गेली. मग दुकानात दिवसभर खाली मान घालून, एक शब्द न बोलता काम करायची सवय त्याने हळूहळू घरी आणली. ती विचारायची, तो हूं म्हणायचा. ती भांडायची, तो बूट घालून बाहेर फिरून यायचा. पुढे तिने भांडणंही सोडून दिलं.

घर घेतल्याच्या सहाव्या वर्षी एकदा सुट्टीच्या दिवशी, वाळलेल्या कपड्यांच्या घड्या घालता घालता ती म्हणाली होती, "अहो, तुमच्याशी बोलणं म्हणजे बंद शटर वाजवत बसण्यासारखं आहे. मला वेगळं व्हायचंय."

तो उठला आणि बूट घालू लागला.

वकीलबाईंनी सगळे कागद पाहिले आणि चष्मा कपाळावर चढवला. "तुम्ही दोघं एकमेकांना सोडाल हो, पण बँक दोघांनाही सोडणार नाही. कर्जावर सह्या दोघांच्या आहेत. घर विका आणि मोकळे व्हा." ते घर विकायला निघाले तेव्हा खरा हिशेब समोर आला. सहा वर्षांत त्यांनी बँकेत बारा लाख भरले होते आणि मुद्दल अडीच लाखांनीसुद्धा कमी झालं नव्हतं. बाकी सगळं व्याजात गेलं होतं. भाव तेव्हा पडलेले. जो कोणी येई तो चौदा लाखांच्या वर चढायला तयार होईना, आणि बँकेचे साडेपंधरा लाख अजून उभे होते. घर विकूनही वर दीड लाख पदरचे घालायचे, आणि मग दोघांनी दोन ठिकाणी भाडं भरायचं. दोघांच्या पगारात ते कुठेच बसत नव्हतं.

"कर्ज फिटेपर्यंत," ती म्हणाली.

"बरं," तो म्हणाला.

तिने आतली खोली घेतली, त्याने बाहेरची. फ्रिजचा वरचा कप्पा तिचा, मधला त्याचा. महिन्याच्या एक तारखेला दोघं आपापला अर्धा हप्ता सामाईक खात्यात टाकत. तिने त्याला हाक मारणंच बंद केलं. 'अहो' गेलं, 'तुम्ही'सुद्धा गेलं. उरली ती अशी वाक्यं, ज्यांत माणूसच नसतो. "गॅस संपलाय." "वीजबिल आलंय." "नळ गळतोय." तोही तसाच बोलायला शिकला. शेजाऱ्यांना काही कळलं नाही. उलट, किती शांत जोडपं आहे, असंच ते म्हणायचे.

आणि या सगळ्यात त्याला एक वेगळाच नाद लागला. पहाटे पाचला तिचा गजर वाजायचा. मग चपलांचा आवाज, पातेलं ठेवल्याचा आवाज, मग कधीतरी, तिचं तिलाच, अगदी बारीक गुणगुणणं. तो डोळे मिटून दिवाणावर पडून राहायचा आणि ऐकायचा. तिला ताप आला की औषधाची पट्टी आणि पाण्याची बाटली तिच्या दारापाशी ठेवून द्यायचा. ती दोन्ही आत घ्यायची. तेवढंच. ज्या दिवशी ती बहिणीकडे राहायला जायची, त्या दिवशी तो दुकान बंद झाल्यावरही उगाच शटरपाशी रेंगाळत राहायचा.

"हे बघा," अधिकारी मुलगी म्हणाली आणि तिने छापील पानांचा गठ्ठा उलगडला. ती चांगलीच रंगात आली होती. "मॅडमनी कमाल केलीय. दर तीन महिन्यांनी नऊ हजार, हप्त्यांव्यतिरिक्त. थेट मुद्दलात. छत्तीस वेळा! एकदाही खंड नाही. भल्याभल्यांना जमत नाही हे. सव्वातीन लाख जास्तीचे भरून अडतीस महिने वाचवले तुम्ही, आणि व्याजाचे तीन लाखांच्या वर."

त्याने पान जवळ ओढलं. बारीक अक्षर वाचायची त्याला सवय होती. तारखा होत्या, नऊ हजार होते, आणि प्रत्येक ओळीत तिच्या पगाराच्या खात्याचा क्रमांक होता. नऊ वर्षं. त्याला आठवलं, याच नऊ वर्षांत तिने सुट्टीच्या दिवशीही लॅबमध्ये जायला सुरुवात केली होती. त्याची समजूत होती की तिला घरात बसणं नकोसं होतं.

तशी ती समजूत चुकीचीही नव्हती म्हणा.

"तरी मधे एकदा मुदत वाढली म्हणून," मुलगी म्हणाली, "नाहीतर आणखी लवकर फिटलं असतं."

"व्याजाचा दर वाढला तेव्हा," बायको पहिल्यांदाच बोलली. "मी चौकशी केली होती. दर वाढला की मुदत आपोआप वाढते ना?"

"आपोआप नाही, मॅडम. आम्ही पत्र पाठवतो. हप्ता वाढवायचा की मुदत, ते ग्राहक ठरवतात. तुमच्या केसमध्ये..." तिने दोन पानं मागे उलटली. "हं. हप्ता साडेबाराशेने वाढवायचा, नाहीतर पंचवीस महिने वाढवून घ्यायचे. साहेबांनी महिने निवडले. ही सही."

एका चौकोनात बरोबरची खूण होती. खाली त्याची सही होती, नेहमीपेक्षा जरा मोठीच आलेली.

त्याला तो दिवस लख्ख आठवला. पत्र दुकानाच्या पत्त्यावर आलं होतं. जेवणाच्या सुट्टीत, काचांच्या भुकटीने पांढऱ्या झालेल्या बोटांनी त्याने ते उघडलं होतं. साडेबाराशे म्हणजे दोघांत वाटले तर सव्वासहाशे. फार काही नव्हते. त्याने पत्र दोनदा वाचलं. पंचवीस महिने. मग पेन मागून घेतलं आणि खूण केली. घरी गेल्यावर त्याने तोंडातून चकार शब्द काढला नाही. पत्र आलं होतं हेसुद्धा नाही.

"त्यामुळे एकूण सव्वादोन लाखांचा फरक पडला," मुलगी सहज म्हणाली. "असो. आता काय त्याचं! अठरा लाखांचे एक्केचाळीस लाख भरलेत तुम्ही दोघांनी मिळून, पण घर आता पूर्ण तुमचं. अभिनंदन! इथे सही करा. मॅडम, तुम्ही इथे."

दोघांनी सह्या केल्या. पेन परत देताना तिने त्याच्याकडे पाहिलं नाही.

बँकेबाहेर बसथांब्यावर बाक होता. कागदांची जाड फाइल मधे ठेवून ते बसले. बराच वेळ बस आली नाही. रस्त्यापलीकडे एक माणूस दुकानाची काच पुसत होता. वर-खाली, वर-खाली.

"तुम्ही सही केलीत?" ती म्हणाली.

तेरा वर्षांनी तिच्या तोंडून तो शब्द आला होता. त्याने मान हलवली.

"सव्वासहाशे जड जात होते का?"

"नाही."

"मग?"

तो फाइलच्या दोऱ्याशी चाळा करत राहिला. उत्तर त्याच्याकडे होतं. पण तेवढ्यात एक बस आली, थांबली, त्यांची नव्हती, निघून गेली, आणि उत्तर होतं तिथेच राहिलं.

ती थोडा वेळ थांबली. पूर्वीही ती अशीच थांबायची.

"मुदत वाढल्याचं कळलं तेव्हा मला रडू आलं होतं," ती म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता, नुसता थकवा होता. "लॅबच्या जिन्यात बसून रडले. आणि ठरवलं, की बँकेला हे पंचवीस महिने खाऊ द्यायचे नाहीत. इतकी वर्षं मला वाटत होतं, मी बँकेशी झगडतेय."

त्यांची बस आली. ती पुढच्या सीटवर बसली, तो दोन सीटा मागे. तिच्या केसांत किती पांढरे झाले होते ते त्याने एवढ्या उजेडात पहिल्यांदाच पाहिलं.

त्यानंतर दोन महिने काहीच घडलं नाही. एक तारीख आली. दोघांनीही खात्यात काही टाकलं नाही. दुसरी एक तारीख आली आणि गेली. घर विकायचा विषय तिने काढला नाही, त्याने तर काढायचा प्रश्नच नव्हता. गजर पाचला वाजत होता. सुट्टीच्या दिवशी ती घरी राहू लागली होती. गॅलरीत बसून वाचायची. एकदा त्याने चहा करताना दोन कप केला आणि एक गॅलरीच्या कठड्यावर ठेवून आला. तिने "हं" म्हटलं आणि प्यायली. त्या दिवशी दुकानात त्याने एका गिऱ्हाइकाशी हवापाण्याच्या चार गोष्टी केल्या. मालक बघतच राहिला.

बोलायचं ठरवून तो दोनदा तिच्या दारापर्यंत गेला. एकदा आत फोनवर बोलणं चालू होतं. एकदा नव्हतं, तरी तो परत फिरला. पुढच्या सुट्टीला बोलू, त्याने स्वतःला सांगितलं. आता कुठे घाई आहे.

त्या पुढच्या सुट्टीला सकाळी दहा वाजता बेल वाजली. दारात एक तरुण जोडपं उभं होतं. मुलीच्या हातात मोजपट्टी होती.

"घर बघायला आलोय," मुलगा म्हणाला. "मॅडमशी बोलणं झालंय."

ती आतून आली. तिने साडी बदलली होती, केस नीट बांधले होते. "या ना," ती म्हणाली, आणि मग त्याच्याकडे वळून, त्याच माणूस नसलेल्या आवाजात, "सांगायचं राहिलं."

तो बाजूला झाला. दिवाणावरची चादर त्याने हाताने सारखी केली.

जोडपं घरभर फिरलं. मुलीने भिंती मोजल्या, नळ सोडून पाहिले, ओट्याशी उभी राहून हात पुढे करून कपाटाचं दार उघडलं. दोघांत कुजबुज चालू होती. मुलगा म्हणत होता पंचवीस वर्षांचं कर्ज घेऊ, हप्ता हलका पडेल. मुलगी म्हणत होती, पंधरा. मुलगा हसला. "पंचवीस वर्षं काय, अशी जातील," त्याने चुटकी वाजवली. "आपण राहणारच आहोत की."

बायको खिडकी लावत होती. तिचा हात कडीवर क्षणभर थांबला.

"प्रकाश छान आहे हो इथे," मुलगी म्हणाली. मग दोघांकडे आळीपाळीने बघत, लोक अशा वेळी विचारतात तसं, तिने विचारलं, "तुम्ही किती वर्षं राहिलात इथे?"

"एकोणीस," तो म्हणाला.

"सहा," ती म्हणाली.

दोघं एकाच वेळी बोलले होते. मुलगी हसायला लागली आणि मग हसावं की नाही हे न कळून थांबली. मुलाने मोबाइलमध्ये डोकं घातलं.

ती खिडकीपाशी त्याच्याकडे पाठ करून उभी होती. ती वळली नाही. पण ती थांबली होती; ते तिच्या खांद्यांवरून त्याला कळलं. इतकी वर्षं आवाजांवरून तिचं सगळं ओळखणाऱ्या माणसाला ते न कळतं तर नवल.

त्याने घसा साफ केला.

"त्या सांगतात ते बरोबर आहे," तो म्हणाला. "सहाच." आणि त्या दोघांना तो आतली खोली दाखवायला घेऊन गेला.