छत्री उघडेपर्यंत

जहाजाच्या शिडीवर घडीमावशींना कठडा सोडवेना. खाली हिरवट पाणी डुचमळत होतं, वर राखाडी पोलादाची उंच भिंत होती आणि भिंतीच्या माथ्यावर उभी राहून त्यांची लेक हसत होती.

"आई, कठडा सोड. तो सरकारी आहे, घरी नेता यायचा नाही."

"आधी ही पिशवी धर आणि मग बोल," मावशी धापा टाकत म्हणाल्या. "आत तुझा स्वेटर आहे. पुन्हा विसरून आलीस."

लेकीने पिशवी घेतली आणि आईचा हातही घेतला. मागे उभ्या असलेल्या दोन खलाशांनी अदबीने दुसरीकडे पाहिलं.

मावशी किनाऱ्यावरच्या शस्त्रागारात पॅराशूटच्या घड्या घालत. तिथे पॅराशूटला सगळे छत्रीच म्हणायचे. लांबलचक गुळगुळीत टेबल, खिडक्यांना जाड पडदे, पायांत कापडी चपला आणि बोटांत अंगठी नाही, कारण रेशमासारखं ते कापड अंगठीत अडकलं की गेलं. या छत्र्या माणसांसाठी नव्हत्या, टॉर्पेडोसाठी होत्या.

टॉर्पेडो म्हणजे पाण्याखालून पोहत जाणारा आणि कानांनी शिकार शोधणारा लोखंडी मासा. पाणबुडीच्या जवळ सोडला तर तो तिचा माग सोडत नाही. पण जवळ कसं सोडायचं, हाच तर प्रश्न होता. जहाजावरून पाण्यात ढकलला तर लांब पोहत जाईपर्यंत पाणबुडी सावध होऊन निसटणार. म्हणून कुणा हुशार डोक्यातून युक्ती निघाली की माशाला आधी उडवायचं. त्याच्या मागे रॉकेट जोडायचं, जहाजावरून आकाशात फेकायचं, वाटेत रॉकेट गळून पडायचं आणि पाणबुडीच्या डोक्यावर पोचल्यावर मावशींची छत्री उघडायची. छत्रीला लोंबकळत मासा अलगद पाण्यात उतरायचा, छत्री टाकून द्यायचा आणि कान टवकारून शोधायला लागायचा. उडणं, लोंबणं, पोहणं, सगळं एकाच अस्त्रात. त्यातलं मधलं काम मावशींचं.

आणि त्या मधल्या कामानेच घात केला होता. मागच्या चाचणीत, याच बनावटीच्या दुसऱ्या जहाजावर, छत्री वेळेत उघडली नव्हती. टॉर्पेडो दगडासारखा पाण्यावर आपटून फुटला. छत्रीच्या चिंध्या झाल्या, त्यामुळे दोष कापडाचा, दोरीचा की घडीचा, ते कळलंच नाही. आता ही दुसरी चाचणी. ही फसली तर सगळ्या जहाजांवरची ही अस्त्रं उतरवायची, असा वरून हुकूम आला होता. जहाजं मात्र समुद्रात जाणारच होती, आणि या जहाजावर मावशींची लेक होती. ती तळाच्या अंधाऱ्या खोलीत कानांवर यंत्र लावून समुद्र ऐकायची. खलाशी तिला 'कान' म्हणत. तिच्या हुद्द्याचं खरं नाव एवढं लांब होतं की तिलाही ते एका दमात म्हणता येत नसे.

पुढच्या डेकवर ती पेटी होती. आठ खणांची, चार वर आणि चार खाली, एखाद्या खोलीएवढी. ती गोल फिरायची आणि खणांची तोंडं आकाशाकडे उचलली जायची. प्रत्येक खणात एक अस्त्र निजलेलं. मावशींनी छत्र्यांच्या घड्या शेकड्यांनी घातल्या होत्या, पण त्या छत्र्या जिथे जाऊन बसतात ते घर आज पहिल्यांदा पाहिलं. त्या नुसत्या बघत राहिल्या.

"मोठी आहे ना?" मागून आवाज आला. हे तोफसाहेब. जहाजावर तोफ एकच होती आणि तीही लहान, पण अस्त्रांच्या अधिकाऱ्याला सगळे जुन्या सवयीने तोफसाहेबच म्हणत. "मी नवा होतो तेव्हा आमच्या वस्तादांनी सांगितलेलं आठवतं. त्यांच्या काळी पाणबुडी मारायची तर थेट तिच्या डोक्यावर जावं लागायचं. मग जहाजाच्या मागून पिंपासारखे बॉम्ब पाण्यात लोटायचे. गंमत अशी, की अगदी डोक्यावर गेलं की सोनारला, म्हणजे पाण्यातले आवाज टिपणाऱ्या यंत्राला, ती ऐकूच यायची नाही. ऐन वेळी बहिरे. डोळे मिटून पिंपं टाकायची आणि आपल्याच पिंपांच्या दणक्यातून पळायचं."

"आणि पाणबुडी?"

"ती काय गप्प बसते? तिच्याकडेही टॉर्पेडो असतातच की." त्यांनी पेटीवर थाप मारली. "ही आली तेव्हापासून आम्ही लांबून बोलतो. बरं, आता आमची नवी रीत माहीत आहे ना?"

रीत मावशींना माहीत होती. मागची चाचणी फसल्यावर ती ठरली होती. किनाऱ्यावर तिच्याबद्दल गप्पा खूप चालत, पण घडीच्या खोलीतल्या कुणावर अजून वेळ आली नव्हती. चाचणीचं अस्त्र कोणतं, हे आता जहाजावरचा कुणी साहेब ठरवायचा नाही. ज्याने छत्रीची घडी घातली त्याला बोलवायचं. तो पेटीभोवती एक फेरी मारणार आणि एका खणाच्या झाकणावर हात ठेवणार. त्या खणातल्या टॉर्पेडोचा स्फोटक भाग काढून सरावाचा नारिंगी भाग बसवायचा, छत्रीला मात्र कुणी बोट लावायचं नाही. मग ते उडेल तेव्हा हात ठेवणाऱ्याने डेकवर उभं राहून बघायचं.

"उद्या सकाळी हात ठेवा," तोफसाहेब म्हणाले. "आज चहा घ्या. आमचा चहा प्यायला की समुद्राची भीती वाटत नाही, चहाची वाटते."

चहा खरंच भीतिदायक होता. लेकीच्या चिंचोळ्या खोलीत, वरच्या बिछान्याला डोकं लागू नये म्हणून वाकून बसत, मावशींनी तो अर्धा संपवला. बिछान्यावर चादरीचा बोळा पडला होता.

"ही घडी म्हणायची?" मावशींनी चादर उचलली. "लहानपणापासून सांगतेय, टोकाला टोक लाव, दाबून हात फिरव. तुझ्या घडीत वारा राहतो."

"एवढ्या घड्या घालणारी एक आहे ना घरात. मी कशाला घालू?" लेक म्हणाली. मग थोड्या वेळाने, "आई, कुठला खण ठरवलास?"

मावशींनी दाराकडे पाहिलं. "वरच्या रांगेतला शेवटचा. त्यातली छत्री नवी आहे, गेल्याच आठवड्यात घातली. अशी घडी मी जन्मात घातली नव्हती. तीनदा उलगडली, तीनदा पुन्हा घातली. टेबलावरची वजनं रात्रभर तिच्यावर ठेवली होती. ती उघडणार म्हणजे उघडणार."

"आणि बाकीच्या?"

"त्याही माझ्याच आहेत. पण त्या थंडीच्या आधीपासून इथे आहेत. थंडी, ऊन, खारा वारा, सगळं खाल्लंय त्यांनी."

लेक कपातला गाळ फिरवत बसली. ती बोलली तेव्हा आवाज नेहमीचाच होता. "समज, खरंच वेळ आली. खालून मी ओरडले, पाणबुडी आहे म्हणून. तेव्हा तोफसाहेब कुठला खण उडवतील?"

मावशींनी चादरीचं टोक पुन्हा टोकाला लावलं.

"जो तयार असेल तो. ताजा कोणता, हे विचारायला तेव्हा किनाऱ्यावर फोन लागणार आहे का?"

"तू लहानपणी एवढी बोलायची नाहीस," मावशी म्हणाल्या.

"तेव्हा मी ऐकायची."

दुसऱ्या दिवशी सकाळी मावशींनी पेटीभोवती फेरी मारली. कप्तान उभे होते, तोफसाहेब उभे होते, बरेच खलाशी काम असल्यासारखं करत रेंगाळत होते. वरच्या रांगेतल्या शेवटच्या खणापाशी मावशींचे पाय थबकले. त्या झाकणामागे त्यांची सगळ्यात सुंदर घडी होती. हात उचलला की झालं. सगळे टाळ्या वाजवतील, घडीच्या खोलीचं नाव राहील, अस्त्रं जागेवर राहतील.

आणि मग एखाद्या दिवशी लेक खालून ओरडेल.

मावशी पुढे गेल्या. खालच्या रांगेत, लाटांचे शिंतोडे सगळ्यात जास्त जिथे बसत तिथल्या कोपऱ्यातल्या खणाच्या झाकणावर मिठाचा पांढरा थर होता. तो त्यांच्या तळहाताला खरखरीत लागला. हात त्यांनी काढला नाही.

तोफसाहेबांनी भुवया उंचावल्या. कप्तानांनी नुसती मान हलवली. "हाच?"

"हाच."

अस्त्र तयार झाल्यावर जहाज खुल्या समुद्रात गेलं. कुठेतरी खोल पाण्यात त्यांचीच एक पाणबुडी दबा धरून बसली होती. टॉर्पेडोने वरच्या थरातच पोहायचं, खाली जायचं नाही, अशी त्याला आधीच शिकवण दिली होती, म्हणजे सापडली तरी धक्का लागायचा नाही. एरवी हे अस्त्र क्षितिजापलीकडे जातं. आज मात्र छत्री दिसावी म्हणून अंतर कमी ठेवलं होतं. कप्तानांच्या खोलीबाहेरच्या कठड्यावर मोठी दुर्बीण बसवलेली होती. मावशींना तिच्यापाशी उभं केलं आणि कानांत कापूस घालायला दिला.

पेटी फिरायला लागली. एवढं अवजड धूड, पण फिरलं ते गाईने मान वळवावी तसं, सावकाश. तोंड वर झालं. थांबलं. वरच्या कर्ण्यातून लेकीचा आवाज आला, घरी कधी न ऐकलेला, सरळ, सपाट, सरकारी आवाज. "संपर्क आहे. दिशा कायम आहे."

मग जग फुटलं. उजेड, धूर आणि आवाज एकदमच आले. आवाज कानांत नव्हताच, तो छातीत शिरला आणि पायांतून डेकमध्ये उतरला. धुरातून काहीतरी बारीक, लांब, अशक्य वेगाने वर निघालं, मागे आगीची शेपटी ओढत. जहाजाने अंग शहारल्यासारखं केलं. मावशींना ओरडायचं होतं की काय, त्यांनाच कळलं नाही, तोंड नुसतं उघडं राहिलं. त्यांच्या टेबलावर निजलेलं ते मऊ पांढरं कापड त्या आगीच्या पुढे बसून आकाशात चाललं होतं.

आग विझली. रॉकेट गळून पडलं, एक काळा ठिपका फिरत फिरत खाली गेला. आणि मग एकदम शांतता. दुसरा ठिपका शांतपणे कमान करत पुढे निघाला होता, जणू त्याला कसलीच घाई नव्हती.

मावशींचा डोळा दुर्बिणीला चिकटला.

ठिपका कमानीच्या शेवटाला आला आणि त्यातून एक पांढरा दोरा बाहेर पडला. दोराच. छत्री नव्हे. तो लांब झाला, थरथरला, लांबच राहिला. खाली समुद्र भराभर वर येत होता. "उघड," मावशी म्हणाल्या, पोटच्या पोराशी बोलावं तसं. "उघड, बाळा. उघड."

दोऱ्याच्या टोकाला जरासा फुगा आला. मग आकाशात कुणी मिटलेली मूठ सोडावी तशी छत्री उघडली. ठिपका झटका बसून थांबला, झुलला आणि त्या पांढऱ्या छपराखाली लोंबत, अगदी निवांत, पाण्यात उतरला. छत्री पाण्यावर आडवी झाली. मासा गेला होता.

आता ऐकायचं काम फक्त एकीचं होतं.

"माशाचा पंखा सुरू झाला," कर्णा म्हणाला. "वर्तुळ घेतोय." बराच वेळ नुसती खरखर. "वळला. तिच्याकडे वळला. सापडली. सरळ चाललाय." मग त्याच सरकारी आवाजात, "कठड्यावरच्या बाईंना कुणीतरी पाणी द्या."

सगळे हसले. तोफसाहेबांनी टोपी काढून डोकं पुसलं. मावशींनी पाण्याचा पेला एका घोटात रिकामा केला. एवढ्या मोठ्या समुद्रात दिसत नाही, वास येत नाही, अशी एक गोष्ट आपली लेक नुसती ऐकते, आणि उडत गेलेलं लोखंड पाण्यात पडल्यावर तिच्यासारखंच कान लावून ऐकतं. मावशींना वाटलं, हे देवळात कुणी सांगितलं असतं तर विश्वास ठेवला असता.

पण तपासायला छत्री हवी होती. दूर थांबलेल्या बोटीने ती बुडायच्या आत ओढून आणली आणि ओल्या ढिगाच्या रूपात डेकवर टाकली. मावशी गुडघ्यांवर बसल्या. कापडाची पट्टीमागून पट्टी हातांतून जाऊ लागली. एका ठिकाणी बोटं थांबली.

"काय झालं?" कप्तानांनी विचारलं. ते किनाऱ्याला कळवायला निघाले होते.

"ही पट्टी उघडलेलीच नाही," मावशी म्हणाल्या. "बघा, घडी तशीच आहे. चिकटलीये. शेजारची पण चिकटली होती, ती सुटली शेवटच्या क्षणी. म्हणून उशीर झाला." त्यांनी ओल्या कापडावरून अंगठा फिरवला. घडीची धार अजून कडक होती, इस्त्री केल्यासारखी. "खोलीत आम्ही जितकी दाबू तितकी चांगली मानतो. एकमेकींना दाखवतो, बघ किती पातळ बसवली. किनाऱ्यावर दुसऱ्या दिवशी उघडून पाहतो, झकास उघडते. पण इथे खाऱ्या दमट हवेत एवढी दाबलेली घडी महिनोन्महिने..."

"धरून बसते," तोफसाहेब हळूच म्हणाले.

"उरलेल्या सातही काढा. नवीसुद्धा. नवी तर आधी काढा, तिला मी वजनाखाली ठेवली होती."

कप्तानांनी क्षणभर किनाऱ्याच्या दिशेने पाहिलं. "म्हणजे मी काय कळवू? उघडली की नाही?"

"उघडली. पण तिच्या नशिबाने. पुढच्या खेपेला माझ्या घडीने उघडली पाहिजे."

कप्तान हसले आणि तोफसाहेबांना म्हणाले, "हेलिकॉप्टरची खोली रिकामी करून द्या. बाईंना सावली आणि कोरडी जागा लागेल."

दुपारी हेलिकॉप्टरच्या खोलीत जाजमं पसरून मावशी पहिली छत्री घालत होत्या. पहारा संपवून लेक आली, कानांवर यंत्राचे लाल वण घेऊन, अंगात घरून आलेला स्वेटर घालून. ती दारातच थांबली.

"ये. ते टोक धर," मावशी म्हणाल्या. "चपला काढ आधी."

लेकीने टोक धरलं आणि भीत भीत घडी घातली. मावशी त्या घडीकडे बघत राहिल्या. ती फुगीर होती, आत वारा होता, कडा सैल होत्या.

"चुकलं?" लेक म्हणाली. "दाबू?"

"हात काढ," मावशी म्हणाल्या. त्यांनी घडीवर तळहात ठेवला, न दाबता, आणि खाली कापडाने जरा मान वर केल्यासारखं त्यांना लागलं. "अशीच राहू दे. अशीच घाल."

"खरंच? म्हणजे इतकी वर्षं मी बरोबर होते?"

"चादरीला नाही," मावशी म्हणाल्या. "ओढ पुढची."