खिळ्यावरचा चेक

बिनकामाचा म्हणालास मला, थावरा? टॉवेल खांद्यावर टाकलास अन् निघालास तरातरा शेताकडं. जवाब तरी ऐकून घ्यायचा! बिनकामाचा हाय मी, कबूल. पण मला ह्या खिळ्याला टांगलं कोणं?

मी चेक बोलून राहिलो. न वटलेला. अंगावर तीन लाख दहा हजार लिहिलेत, अन् अंगात चहापुरते पैसे न्हाईत. असा मी पैलवान.

कुरुंद्याच्या वैजनाथनं, त्या हळदीच्या व्यापाऱ्यानं, तुझा ट्रॅक्टर इकत नेला अन् मला फाडून तुझ्या हातात दिलं. तुझी बायको नानीबाई काय खूश झाली होती! तिच्या दंडातली चांदी त्याच ट्रॅक्टरपायी गहाण पडलेली. माझ्या पैशानं ती सुटणार होती. तिनं मला देवापुढं ठेवलं, हात जोडले. मीबी फुगलो. वाटलं, आपुन लक्ष्मीच.

लक्ष्मी बँकेत गेली अन् तिसऱ्या दिशी वापस आली. संगं बँकेचा मेमो, खात्यात पैसे न्हाईत म्हणून. शाळेतून नापासाचा शेरा घेऊन यावा तसा आलो मी.

तवा तीस दिवसांत नोटीस द्यायची होती, थावरा. ती दिली असती तर फौजदारी केस झाली असती. तू तीस दिवस काय केलंस? खिळा हुडकत बसलास! म्हणे, "मी ह्याला भिंतीला टांगतो. वैजनाथ घरी येईल, बघंल अन् लाजंल."

बाळापूरच्या बाजारात नेऊन माझं लॅमिनेशन केलंस. मी पुढं, मेमो माझ्या पाठीला. तवापासून आमी दोघं एका प्लास्टिकात. खिळा ठोकला तवा नानीबाई म्हणली, "आता ह्याला हारबी घाला, म्हंजे झालं."

पावणे येतात. एक जण म्हणला, "पोराचं सर्टिफिकेट का हो?" मी म्हणलं असतं, व्हय, ढ पोराचं.

अन् वैजनाथ? आला की. नवी गाडी दारात उभी करून आला. माझ्याखालीच बसला, दोन कप चहा पेला. वर बघून म्हणतो कसा, "थावराभाऊ, सही काय झ्याक आली रे माझी!" तू हसलास. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. लाज त्याला वाटायची होती, वाटून राहिली मला. तीन वर्सं!

नानीबाई भाचीच्या लग्नाला गेली न्हाई. काहून? मोकळ्या दंडानं कशी जाईल? तू म्हणलास, तिचं डोकं दुखून राहिलं. डोकं न्हाई दुखत तिचं. मी रोज समोरून बघतो.

शेवटी तीच गेली वसमतला, राजनंदिनी वकिलीणबाईकडं. मला पिशवीत घालून. वकिलीणबाईनं मला उलटंपालटं केलं अन् हसू दाबलं. "हे काय केलं हो चेकचं?"

"आमच्या मालकानं केलं," नानीबाई म्हणली.

"असू द्या. मूळ कागद हाय, वाचता येतो. फौजदारीची मुदत कवाच गेली. पण पैसे वसुलीचा समरी दावा, म्हंजे झटपट निकालाचा, लावता येतो. समन्स पोचलं की दहा दिवसांत वैजनाथला हजर व्हावं लागंल. लढायचं असंल तर आधी कोर्टाची परवानगी मागावी लागंल. हजर झाला न्हाई, का परवानगी मिळाली न्हाई, तर निकाल तुमचा. पण चेकच्या तारखेपासून तीन वर्सांत दावा दाखल व्हाया पायजे. मालकाची सही आणा."

नानीबाई पळत घरी आली. अन् तू? "कोर्टात गेलो तर लोकं काय म्हणतील?" म्हणून मला परत खिळ्याला अडकवलंस. लोकं काय म्हणायची राहिलीत का, थावरा? लोकं मला वाचून घरी जातात!

आज सकाळी ती परत बोलली, तर माझ्यावर खेकसलास. तिच्यावर खेकसायची हिंमत न्हाई म्हणून.

माझ्यावरची तारीख तीन वर्सांमागची चौदा जुलै. आज आठ. चौदा गेली की मी खरंच बिनकामाचा. मग खुशाल घाल हार.

शेतातून आलास की हातपाय धू अन् मला उतरव. प्लास्टिकाला कात्री लावू नको. उद्याच्या पहिल्या गाडीनं नानीबाईला घेऊन वसमतला जा अन् दाव्यावर सही कर.

खिळाबी उपटून टाक.