शेवटच्या पानावरची काट

संगीत महाविद्यालयाच्या तालमीच्या खोलीत तो न विचारता शिरला, आणि शिरल्या शिरल्या त्याचं डोकं फिरलं. दोन व्हायोलिन, एक व्हायोला, एक चेलो असे चौघं वाजवणारे बसले होते आणि चौघांच्याही शेवटच्या पानावर निळ्या पेन्सिलीची काट होती.

बायकोला जाऊन वर्षही झालं नव्हतं. जन्मभर तिनं इथं रचना शिकवली, घरी स्वतःच्या रचना केल्या. ही शेवटची. परवा तिच्या स्मरणार्थ ती पहिल्यांदा वाजणार होती.

"ही काट कुणी मारली?"

"मीच, काका," बाजूला उभा असलेला शेंडेफळ म्हणाला. हे नाव तिनंच ठेवलेलं. तिचा सगळ्यात धाकटा, लाडका विद्यार्थी. आता तिच्याच खुर्चीत विभागप्रमुख म्हणून बसत होता. "बसा ना. पाणी आणू?"

"पाणी स्वतःच्या तोंडावर मार. तिच्या लिहिण्यावर काट मारणारा तू कोण टिकोजीराव?"

चेलोवाली मुलगी उगाच गजाला राळ घासू लागली.

"काका, बाई कशा काम करायच्या ते तुम्हाला सांगायला नको. संध्याकाळी भरमसाट लिहायच्या आणि सकाळी चहाआधी शेवट खोडायच्या. आमचंही खोडायच्या. 'स्टेशन आलं, आता उतर की मेल्या!' किती वेळा ऐकलंय मी."

खरं होतं. खोडून झालं की ती आतून हाक मारायची, "अहो, सुटले एकदाची. टाका चहा." त्या हाकेनं त्याचा दिवस उजाडायचा. हे पान लिहिलं त्याच संध्याकाळी तिला दवाखान्यात न्यावं लागलं. ती घरी आलीच नाही.

"सकाळी खोडायची ना?" तो म्हणाला. "ती सकाळ तिला मिळाली नाही. तुला कुणी दिली?"

"मग काय, बाईंचं कच्चं काम लोकांपुढे ठेवायचं? हसतील लोक."

"हसू देत. दात दिसतील त्यांचे."

"यातलं तुम्हाला कळत नाही, काका. तुमचं पंप दुरुस्त करणं वेगळं."

"नाही कळत. पण तिच्यामागं परवानगी माझी लागते. सगळं वाजवा, नाहीतर पानं गोळा करून घरी नेतो."

शेंडेफळानं ओठ आवळून चौघांत खोडरबर फिरवलं. काट पुसली गेली. चौघांनी वाजवायला घेतलं.

जिथं काट होती तिथं रचना अशी येऊन टेकली की पुढे काही नको वाटावं. पण ती थांबली नाही. निरोप घेऊन पुन्हा उंबऱ्यात गप्पा छाटत उभ्या राहिलेल्या पाहुण्यासारखे सूर घुटमळत राहिले. वाजवणारे एकमेकांकडे बघेनात. संसारभर भिंतीपलीकडून तिचं वाजवणं-खोडणं ऐकत आलेल्या त्यालाही कळलं. तिनं हे खोडलंच असतं, आणि चहा मागितला असता.

"ऐकलंत?" शेंडेफळ म्हणाला.

"ऐकलं."

"मग?"

"असंच वाजवायचं. एक सूर कमी नाही."

"बाईंचं नाव घालवताय तुम्ही."

"तू तुझी खुर्ची सांभाळ. आणि ती पेन्सिल दे इकडे."

शेंडेफळानं ती हातात दिली नाही, टेबलावर टाकली. त्यानं उचलून खिशात घातली. निघताना तो "येतो" म्हणाला नाही, आणि त्यालाही कुणी "या" म्हटलं नाही.