चवीपुरतं मीठ

सुरवंटासारखं काहीतरी पदराला चिकटलं आहे… काळं, केसाळ, करंगळीच्या पेराएवढं. माइक. सून प्रांजलने तो लावला तेव्हा मालनने श्वास आत ओढून धरला होता आणि तो अजूनही नीट सोडलेला नाही – कारण हे इवलंसं यंत्र सगळं ऐकतं म्हणे, बांगडीची किणकिण, घशातला आवंढा… मग छातीत जे चाललं आहे तेही ऐकत असेल का?

"आई, आज जरा मोठ्याने बोला हं," सून म्हणाली. "लोक लिहितात, काकूंचा आवाजच येत नाही."

लोक. लोक म्हणजे कोण, हे मालनला अजून उमगलेलं नव्हतं. कांजूरमार्गच्या या सातव्या मजल्यावरच्या स्वयंपाकघरात माणसं चारच – ओट्यापाशी मुलगा नितेश, फोनच्या स्टँडमागे प्रांजल, दाराशी खुर्चीत हे, म्हणजे काशीराम, आणि ती. पण नितेश त्या फोनकडे बघून अंगणभर माणसं जमल्यासारखे हातवारे करायचा. पोराला स्वयंपाकातलं ओ की ठो कळत नाही आणि तेच त्याचं भांडवल. दीड वर्षापूर्वी त्याने पहिली फोडणी जाळली, ती आतल्या खोलीतून पुटपुटली, "जळलं मेलं…" आणि तेच त्याच्या ऑनलाइन कार्यक्रमाचं नाव झालं. ज्यांना कुकरची शिटी ऐकून पळून जावंसं वाटतं त्यांच्यासाठी, दर बुधवारी. तो चुकतो, लोक हसतात, मागून ती हळूच बरोबर काय ते सांगते, शेवटी हे चाखतात आणि मिशी हलवतात. मिशी वर गेली तर पास.

मागच्या बुधवारी मात्र नितेशने चमचा अचानक तिच्याच तोंडासमोर धरला. "आई, मीठ बघ गं." ती मागे सरकली. "नको रे…" एवढंच. ते मागे सरकणं आठवड्यात दोन लाख जणांनी पाहिलं. खाली लिहिलं, काकू स्वतःच्या घरचं चाखत नाहीत, काकूंना माहितीये आत काय घातलंय! कुणी त्यावर गाणं लावलं, कुणी तसंच मागे सरकत नाच केला. शेजारची शकु लिफ्टमध्ये म्हणाली, "काय गं मालन, फेमस झालीस की!" आणि मालन नुसती हसली, कारण खरं काय ते सांगण्यासारखं नव्हतं.

ते कुणालाच ठाऊक नाही. आषाढी एकादशीपासून कार्तिकीपर्यंत ती मीठ खात नाही. अळणी. बावीस वर्षं. मीठ पडण्याआधी आपल्यापुरतं वाटीत काढून ठेवायचं, सगळ्यांच्या मागून जेवायचं – इतकं साधं, की रोज तिच्या हातचं जेवणाऱ्या नवऱ्यालाही कधी कळलं नाही. व्रत चारचौघांत सांगू नये, ते आपलं आणि देवाचं, असं आईने शिकवलं होतं. पहिल्या वर्षी गिरणी गेलेली, ह्यांच्या हाताला काम नव्हतं, म्हणून धरलं. पुढे साकीनाक्याला एका वर्कशॉपमध्ये काम मिळालं, मागणं पुरं झालं… आणि मला ते सोडवेना. कसं सांगू… मीठ नसलं की दुधी दुधीसारखा लागतो. भाताची गोडी घास गिळल्यावर मागाहून येते. जिभेचं काम हळूहळू नाकाने घेतलं आणि एक दिवस उकळत्या आमटीजवळून नुसतं जाताना कळलं, आज मीठ उणं आहे. चिमूटभर टाकलं. हे जेवले, काही बोलले नाहीत. ह्यांचं न बोलणं म्हणजे बरोबर. नाक आधीच सांगून मोकळं झालेलं असायचं, तरी रोज पहिल्या घासाला ती ह्यांच्या तोंडाकडे बघत राहायची…

"नमस्कार, जळलं मेलं मंडळी!" नितेश ओरडला. लाइव्ह सुरू. "आज काळ्या वाटाण्याचं सांबारं. आणि आज… आई चाखणार!"

हे तिला कुणी आधी सांगितलं नव्हतं.

वाटाणे शिजलेले होते. नितेशने अर्धं वाटण ओट्यावर सांडलं, मिरचीचा हात डोळ्याला लावला, एका पायावर नाचला. प्रांजल हसू दाबत आलेले प्रश्न वाचत होती. मधेच ती हसायची थांबली. "माहुलहून श्रुतिका लिहितेय. काकू, चवीपुरतं मीठ म्हणजे किती? सगळे एवढंच लिहून सोडून देतात. माझं रोज चुकतं. रूमवरच्या मुली हसतात. आजही चुकलं तर मी परत गॅसला हात लावणार नाही."

"झकास प्रश्न! आई, ये. चाख आणि सांग तिला."

चमचा आला. वाफेआड नितेशचं हसरं तोंड, त्यामागे तो फोन. जिभेचं टोक टेकवलं तर कुणाला कळणार आहे? मला कळेल. माझं अळणी व्रत आहे असं सांगून टाकलं तर? लोक वाहवा करतील, मग त्यावरही गाणं लावतील. बावीस वर्षं रस्त्यावर वाळत घातलेल्या कपड्यांसारखी लटकतील. आणि पुन्हा मागे सरकले तर माहुलच्या त्या पोरीला वाटेल, साठीच्या बाईलासुद्धा आपल्या हाताचा भरवसा नाही, मग आपण कोण…

"बघ, परत घाबरली!" दारातून हे म्हणाले. "अगो, चाख मा! ईख घातलंस की काय?"

विष घातल्याची नेहमीची चेष्टा. राग आला नाही. फक्त माइक लावल्यापासून आत अडलेला श्वास सुटला.

"चमचा खाली ठेव," ती म्हणाली. "जीभ लागत नाही त्याला. आधी ती खिडकी लाव, डम्पिंगच्या कचऱ्याचा वास आत येतोय. पंखाही बंद कर."

नितेश विनोद करायला तोंड उघडणार होता. तिच्याकडे बघून त्याने खिडकी लावली, पंखा बंद केला.

"श्रुतिका, ऐक बाळा. मीठ नसलं की वास वेगवेगळे येतात. खोबरं एकीकडे, धणे एकीकडे, अबोला धरल्यासारखे. तू पातेल्यावर वाक, घाई करू नकोस. नितेश, चिमूटभर मीठ घाल."

उकळी क्षणभर फसफसली, बसली.

"अजून."

"आई, जास्त होईल ना—"

"तुला विचारलं का? घाल. ढवळ."

डोळे मिटले. वाफ कपाळाला, पापण्यांना… खोबरं जवळ आलं होतं, पण धणे अजून उंबऱ्याबाहेर. वाटाण्याचा मातकट वास तळाशी एकटाच. "अर्धी चिमूट. हळू…" आणि मग, घरभर गप्पा मारणारी माणसं आरतीला उभी राहताच एका सुरात यावीत, तसं सगळं एकदम एक झालं. एकच वास. भरलेला, गोल.

"बस! थांब!"

एवढा मोठा आवाज कुणाचा… माझा?

प्रांजल कुजबुजली, "आई, सहा हजार लोक बघतायत. चुकलं असेल तर?"

"नाही चुकलं."

नितेश वाटी घेऊन वडिलांकडे धावला, त्याच्यामागे प्रांजल फोन घेऊन. सगळ्यांचे डोळे त्या मिशीवर. "थांब रे, गरम आसा," हे फुंकर घालत म्हणाले.

ओट्यापाशी ती एकटीच उरली. आता कुणी तिला बघत नव्हतं, आणि आपणही तिकडे बघत नाही आहोत, हे तिच्या जरा उशिरा लक्षात आलं. मान वळतच नव्हती. पातेल्यात दोन बुडबुडे जोडीने वर आले, फुटले. रोज निजताना ती देवाला म्हणते, चुकलंमाकलं पदरात घे. आज तर केवढं सांगावं लागेल, सहा हजार माणसांसमोर मी 'नाही चुकलं' म्हणाले, हा अहंकार नाही तर काय… तिने आताच क्षमा मागून टाकावी म्हणून मन गोळा करायचा प्रयत्न केला, आणि मनात त्या वासाखेरीज काही सापडेना. मागे फुंकरा चाललेल्याच होत्या. तिने गॅस बारीक केला, वाफेला वर जाऊ दिलं आणि ओठ न हलवता, थोड्याशा तोऱ्यातच विचारलं – देवा, तुलाही आला ना?